चर्चची दाटी मोजायची कशी? इंदूरपासून सुरुवात

इंदूरात रिक्षात बसून 'व्हाइट चर्च' एवढंच म्हटलं तरी भागतं. रस्ता, कॉलनी, घरनंबर काही लागत नाही. रिक्षा रेसिडेन्सीच्या अंगाला वळते. 'रेड चर्च' म्हणालात तर तेही त्याला ठाऊक असतं. वीस लाखांच्या शहरात दोन चर्च नुसत्या रंगावरून ओळखली जातात. आता वसई स्टेशनाबाहेर उभं राहून 'चर्चपाशी सोडा' म्हणून बघा. रिक्षावाला मान वळवून विचारेल, "कुठल्या चर्चपाशी?"

जिथे 'चर्चजवळ' हा पुरता पत्ता होतो तिथे चर्च विरळ, जिथे त्याला गावाचं किंवा संताचं नाव जोडावं लागतं तिथे दाट. याहून सोपं माप मला अजून सापडलेलं नाही. पण पुतणीला भूगोलाच्या प्रकल्पात हे लिहून चालणार नव्हतं. तिला आकडा हवा होता. त्या आकड्यामागे आम्ही काका-पुतणी कित्येक रविवार हिंडलो, दोनदा यादी फाडून पुन्हा केली, आणि त्यातून जी रीत हाताला लागली ती इथे मांडतो. उदाहरणं बहुतेक इंदूरची आहेत, पण बडोदं, ग्वाल्हेर, नागपूर, कुठेही ती चालेल.

आधी ठरवा: चर्च कशाला म्हणायचं

पहिल्याच शनिवारी पुतणी फोनवर यादी घेऊन आली. नकाशात 'चर्च' टाकलं आणि जे आलं ते वहीत उतरवलं. मी वाचायला घेतलं तर त्यात मिशनची शाळा, कब्रस्तान, एक दातांचा दवाखाना आणि केकचं दुकान. दवाखाना व्हाइट चर्च रोडवर होता, एवढाच त्याचा चर्चशी संबंध. "काका, केक तर नाताळचा असतोच की," ती म्हणाली. यादी तिथेच फाडली.

नुसता 'चर्च' शब्द शोधला की नको ते येतं आणि हवं ते निसटतं. माळव्यात हिंदी पाटीवर 'गिरजाघर' असतं, 'मसीही मंदिर' असतं, 'प्रार्थना भवन' असतं. बडोद्याकडे गुजराती ख्रिस्ती 'देवळ' म्हणतात. गोव्यात मोठं ते इगर्ज, छोटं ते कपेल. केरळात पळ्ळी, आणि तोच शब्द मशिदीलाही चालतो. शोधताना हे सगळे शब्द वेगवेगळे टाकून बघावे लागतात.

मराठी ख्रिस्ती माणूस बोलताना एक फरक सहज पाळतो, तो आपणही पाळावा. 'चर्च' ही इमारत. 'मंडळी' म्हणजे तिथे उपासनेला जमणारी माणसं. एका इमारतीत तीन मंडळ्या भरू शकतात, आणि एखादी मंडळी इमारतीशिवाय भाड्याच्या हॉलमध्येही भरते. शिवाय कॅथलिकांचा धर्मग्राम, म्हणजे पॅरिश, हा तिसराच हिशेब: एका धर्मग्रामात एक मुख्य चर्च आणि आणखी दोन-तीन चॅपल असू शकतात. इमारती मोजायच्या, मंडळ्या मोजायच्या की धर्मग्राम, हे पहिल्या पानावर लिहून ठेवा. मध्येच बदललंत तर शेवटचा आकडा कशाचाच राहत नाही.

आम्ही इमारती धरल्या आणि नियम असा केला: जिथे दर आठवड्याला उपासना किंवा मिस्सा, म्हणजे कॅथलिकांची मुख्य उपासना, होते आणि बाहेरच्या माणसाला येता येतं ती वास्तू म्हणजे चर्च. कॉन्व्हेंटच्या आतलं सिस्टरांचं खासगी चॅपल वगळलं. वाटेवरचे क्रूस वगळले. ते मुंबईच्या जुन्या गावठाणांत पावलोपावली आहेत, ते धरले तर मुंबईशी कुणाचीच तुलना होणार नाही.

पडकी चर्च? वसईच्या किल्ल्यात फिरलेल्यांना हा प्रश्न वेगळा समजावायला नको. १५३४ ते १७३९ एवढा काळ तिथे पोर्तुगीज होते, आणि तटाच्या आत एकाहून एक उंच चर्च छपराविना उभी आहेत. तिथे फोटो निघतात, मिस्सा होत नाही. इंग्लंडातल्या नॉर्विच शहरात तर तीसहून अधिक मध्ययुगीन चर्च अजून उभी आहेत, पण एकात बाहुल्यांचं नाट्यगृह आहे आणि दुसऱ्यात कलाकेंद्र. असल्यांसाठी वेगळा रकाना ठेवा, 'इमारत आहे, उपासना नाही'. शहराचा इतिहास समजून घेताना तो फार उपयोगी पडतो.

हद्द आखा, आणि लोकसंख्या त्याच हद्दीची घ्या

इथे बहुतेकांचा पाय घसरतो, आमचाही घसरला. इंदूर महापालिकेची हद्द २०१४मध्ये वाढली, भोवतालची २९ गावं आत आली आणि वॉर्ड ८५ झाले. लोकसंख्या मात्र आपल्याकडे २०११च्या जनगणनेची, जुन्या हद्दीची: १९ लाख ६४ हजार. चर्च नव्या हद्दीतली मोजायची आणि भागायचं जुन्या हद्दीच्या माणसांनी, म्हणजे दाटी फुगणारच. पुण्यातही २०१७ आणि २०२१मध्ये गावं आत आल्यामुळे हाच घोळ होतो.

उपाय दोन. एक तर २०११च्या हद्दीबाहेरची चर्च तेवढ्यापुरती बाजूला ठेवा. नाहीतर आत आलेल्या गावांची २०११ची लोकसंख्या जनगणनेच्या तक्त्यांतून शोधून मिळवा. दुसरा उपाय कंटाळवाणा, पण खरा. २०२१ची जनगणना झालीच नाही आणि पुढची २०२७ची जाहीर झाली आहे, तोवर हेच करायचं.

शहर घ्यायचं की जिल्हा, हेही आत्ताच ठरवा. इंदूरपासून पंचवीसेक किलोमीटरवर महू आहे. १८१८पासूनची लष्करी छावणी, तिचा कारभार वेगळा, आणि साहजिकच तिथे जुनी चर्च. शहर म्हटलं तर महू बाहेर, जिल्हा म्हटलं तर आत.

तीन याद्या, एकमेकींना न विचारता

धर्मानुसार लोकसंख्या जनगणनेच्या सी-१ तक्त्यात मिळते. जिल्हा, तहसील, शहर अशी उतरंड असते. चर्चची संख्या मात्र जनगणना देत नाही. २०११च्या घरयादीत देशभरात सुमारे ३० लाख प्रार्थनास्थळं नोंदली गेली, पण मंदिर, मशीद, गुरुद्वारा, चर्च सगळं एकाच रकान्यात. 'जनगणनेनुसार अमुक चर्च' असं कुणी छातीठोक सांगितलं तर त्याला तक्ता विचारा.

मग याद्या आपणच करायच्या. पहिली, पंथांच्या स्वतःच्या नोंदींतून. कॅथलिक धर्मप्रांत, म्हणजे एकेका बिशपच्या हाताखालचे विभाग, आपल्या धर्मग्रामांची यादी ठेवतात. इंदूरचा धर्मप्रांत १९५२चा आहे, लॅटिन, म्हणजे रोमच्या रीतीचा. पण पन्नास-पंचावन्न किलोमीटरवरच्या उज्जैनचा धर्मप्रांत सिरो-मलबार, म्हणजे केरळी परंपरेचा. माळव्याचा हिशेब करताना एकच डिरेक्टरी बघितली तर अर्धा मुलूख कोरा दिसेल. प्रॉटेस्टंटांमध्ये चर्च ऑफ नॉर्थ इंडियाची यादी सगळ्यांत मोठी. पेंटेकोस्टल (पवित्र आत्म्याच्या अनुभवावर भर देणारा प्रॉटेस्टंट प्रवाह) आणि स्वतंत्र मंडळ्यांची एकत्र यादी कुठेच नसते. एका पाळकाला भेटलं की तो दुसऱ्याचं नाव सांगतो, तशीच ती वाढते.

दुसरी यादी ओपनस्ट्रीटमॅपवरून, म्हणजे लोकांनी मिळून केलेल्या खुल्या नकाशावरून. तिथे प्रार्थनास्थळ आणि धर्म अशा दोन खुणा असतात. ओव्हरपास टर्बो या संकेतस्थळावर शहराचं नाव देऊन दोन्ही खुणा असलेले बिंदू उतरवून घेता येतात. तिसरी यादी पायी.

तीन याद्या कशाला, असं पुतणीनेही विचारलं. कारण एकटी यादी काय सुटलं ते सांगत नाही, दोन याद्या मिळून सांगतात. तळ्यातले मासे मोजणारे हेच करतात. काही पकडायचे, खूण करून सोडायचे, पुन्हा जाळं टाकायचं आणि खुणेचे किती आले ते बघायचं. समजा पायी फिरून तुम्हाला ३० चर्च मिळाली, नकाशावर २४, आणि दोन्हींत सामाईक १८. एकत्र केल्यावर झाली ३६. आता ३० गुणिले २४, भागिले १८: उत्तर ४०. म्हणजे साधारण चार चर्च दोन्ही याद्यांतून निसटलेली आहेत, शोधा. अट एवढीच की दुसरी यादी करताना पहिलीत डोकावायचं नाही. आणि रस्त्यापासून आत, पाटीविना असलेलं प्रार्थना भवन दोन्ही याद्यांतून सुटतं, तेव्हा खरा आकडा ४०च्या थोडा वरच धरा.

ओपनस्ट्रीटमॅपवर बिंदू कुणीतरी हौशीने टाकलेले असतात. जिथे हौशी जास्त तिथे चर्च जास्त दिसतात. केरळातलं शहर आणि मध्य प्रदेशातलं आदिवासी झाबुआ यांचे नकाशावरचे बिंदू थेट ताडून बघणं म्हणजे दोन गावांतली माणसं फोनच्या संख्येवरून मोजण्यासारखं आहे. आधी धर्मप्रांताच्या यादीतली दहा चर्च घ्या आणि त्यांतली किती नकाशावर सापडतात ते बघा. दहापैकी नऊ सापडली तर नकाशा विश्वासाचा, चार सापडली तर नाही.

रविवारी सकाळी फाटकाशी उभं राहा

ही पायरी वगळून नुसत्या संगणकावर काम उरकणारे पुष्कळ आहेत. मला ते पटत नाही.

छावणीकडच्या एका चर्चला आम्ही सकाळी पावणेआठला पोचलो, पोहे खाऊन. फाटकाच्या आत काळ्या रंगाचा पत्र्याचा फळा, त्यावर खडूने वेळा लिहिलेल्या: हिंदी साडेसात, इंग्रजी नऊ, आणि खाली बारीक अक्षरांत मलयालम, महिन्यातला एकच रविवार. आतून हिंदी भजन ऐकू येत होतं, ढोलक-हार्मोनियमवर. बाहेर दोन बायका इंग्रजी उपासनेसाठी लवकर येऊन पायरीवर बसल्या होत्या. किल्ल्यांचा जुडगा कमरेला लावलेला एक म्हातारा आमच्या वहीकडे बघत आला. "सर्वेवाले आहात का?" त्याने हिंदीत विचारलं. मी म्हटलं, नाही, मुलीच्या कॉलेजचं काम आहे. मग त्याने स्वतःहून भिंतीच्या पायथ्याशी असलेला दगड दाखवला. त्यावरचं साल आम्ही नकाशावरून उतरवलेल्या सालाशी जुळत नव्हतं; नकाशावर कुणीतरी जीर्णोद्धाराचं साल टाकलं होतं.

एक इमारत, तीन भाषा, दोन साल. घरबसल्या यातलं काहीच कळलं नसतं.

प्रत्येक ठिकाणी एवढं टिपा: नाव पाटीवर आहे तसं, पंथ, उपासनेच्या भाषा, कोनशिलेवरचं साल, इमारत मूळची चर्चची की घर किंवा गोदाम बदलून केलेली. उपासना चालू असताना आत जाऊन डोकी मोजू नका. फोटो विचारून काढा. बाजूला कब्रस्तान असेल तर एक चक्कर मारा. दगडांवरच्या नावांच्या आणि भाषांच्या क्रमावरून कोण आधी आलं आणि कोण नंतर, हे दहा मिनिटांत लक्षात येतं.

दुबार नोंदी इथेच गळतात. नकाशावर शंभर मीटरच्या आत दोन बिंदू असले तर एकच चर्च दोनदा नोंदलं गेल्याचा संशय घ्या, पण बघितल्याशिवाय खोडू नका. बडोद्यात फतेहगंज-प्रतापगंजच्या पट्ट्यात कॅथलिक, मेथॉडिस्ट आणि चर्च ऑफ नॉर्थ इंडिया यांची चर्च एकमेकांपासून चालत जाण्याच्या अंतरावर आहेत. ती दुबार नोंद नाही. १९७०मध्ये नागपुरात सहा पंथ एकत्र येऊन चर्च ऑफ नॉर्थ इंडिया झालं, तेव्हा अमेरिकी परंपरेचे मेथॉडिस्ट वेगळे राहिले. ते आत आले असते तर आज त्या पट्ट्यातला हिशेब निराळा दिसला असता.

भागायचं कशाने

सगळी खोच इथे आहे. चर्चच्या संख्येला तीन गोष्टींनी भागता येतं: क्षेत्रफळाने, एकूण लोकसंख्येने, किंवा ख्रिस्ती लोकसंख्येने. तिन्हींची उत्तरं एकमेकांशी भांडतात.

२०११चे आकडे घ्या. मिझोराममध्ये ८७ टक्के लोक ख्रिस्ती, गोव्यात २५, केरळात १८. ख्रिस्ती वस्ती सगळ्यांत दाट कुठे? आम्ही दोघांनीही मिझोराम म्हटलं. पण मिझोरामचं क्षेत्रफळ २१,०८१ चौरस किलोमीटर आणि ख्रिस्ती ९ लाख ५६ हजार. एका चौरस किलोमीटरला ४५. गोवा ३,७०२ चौरस किलोमीटर, ख्रिस्ती ३ लाख ६६ हजार; ९९. केरळ ३८,८६३ चौरस किलोमीटर, ख्रिस्ती ६१ लाख ४१ हजार, १५८. क्रम पार उलटा झाला. आपलं मध्य प्रदेश? ख्रिस्ती २ लाख १३ हजार, म्हणजे ०.२९ टक्के, आणि एका चौरस किलोमीटरला एकसुद्धा नाही, ०.७. गुजरात १.६, महाराष्ट्र ३.५.

तिसऱ्या भागाकारात तर खरी गंमत. समजा एका शहरात दहा हजार ख्रिस्ती आणि वीस चर्च, दुसऱ्यात एक लाख ख्रिस्ती आणि पन्नास चर्च. दुसऱ्या शहरात चर्च अडीचपट. पण पहिल्यात एका चर्चमागे पाचशे माणसं, दुसऱ्यात दोन हजार. जिथे ख्रिस्ती थोडे, तिथे दर माणशी चर्च जास्त! कारण माणसं थोडी असली तरी पंथ थोडे नसतात. कॅथलिक, चर्च ऑफ नॉर्थ इंडिया, केरळी मार्थोमा, पेंटेकोस्टल, प्रत्येकाला आपली एक तरी वास्तू लागतेच. त्यातही कॅथलिक एकाच इमारतीत दिवसातून तीन-चार मिस्सा घेऊन हजारोंना सामावतात, तर पेंटेकोस्टल मंडळी पन्नास माणसांचीही असते. म्हणून कॅथलिक मुलखात मोठी आणि मोजकी चर्च, पेंटेकोस्टल वाढलेल्या शहरात लहान आणि पुष्कळ.

एकूण लोकसंख्येने भागणं सगळ्यांत रूढ आहे आणि तेच सगळ्यांत फसवं. लंडनचा जुना गाभा, त्याला 'सिटी' म्हणतात, जेमतेम २.९ चौरस किलोमीटरचा. १६६६च्या आगीत तिथली ८०हून जास्त चर्च जळाली, त्यातली पन्नासेक क्रिस्टोफर रेनच्या देखरेखीखाली पुन्हा उभी राहिली. आज तिथे चाळीसच्या आसपास चर्च आहेत, आणि २०२१च्या गणनेत राहणारी माणसं साडेआठ हजारांच्या जरा वर. बाकी सगळ्या कचेऱ्या. दर दहा हजारांमागे चर्च काढलीत तर जगातला सगळ्यांत भाविक मोहल्ला तोच ठरेल. जुन्या गोव्याचंही तेच: राजधानीचं शहर साथींनी ओस पडलं, माणसं पणजीला गेली, से कॅथेड्रल आणि बॉम जेझू जिथल्या तिथे राहिली.

माझा सल्ला: तिन्ही आकडे शेजारी शेजारी छापा. एकच छापायचा असेल तर एका चर्चमागे किती ख्रिस्ती, तो.

चौकटी आखा

शहराचा एकच आकडा काढला की दाटी सरासरीत बुडते. त्यासाठी शहराचा नकाशा छापून घ्या आणि त्यावर एक किलोमीटरच्या चौकटी आखा. क्यूजीआयएस हे फुकट सॉफ्टवेअर येत असेल तर त्यात चौकटी घालून प्रत्येकीतले बिंदू मोजता येतात. येत नसेल तर पट्टी आणि पेन्सिल. आम्ही पट्टीनेच केलं, जेवणाच्या टेबलावर.

इंदूरच्या नकाशावर चित्र लगेच उठून दिसलं. राजवाडा, सराफा, जेल रोड, म्हणजे आम्हा मराठ्यांचं जुनं शहर, तिथल्या चौकटी कोऱ्या. छावणी आणि रेसिडेन्सीच्या अंगाला ठिपके. मग पुन्हा विरळ, आणि बाहेरच्या नव्या कॉलन्यांकडे एकेकटे.

अंतर मोजायचं तर प्रत्येक वॉर्डाच्या मध्यापासून सगळ्यांत जवळचं चर्च किती दूर ते लिहा, आणि सरासरी न काढता आकडे लहानापासून मोठ्यापर्यंत मांडून मधला उचला. लांबचे दोन वॉर्ड सरासरीला खेचून नेतात, मधल्या आकड्याला नाही. आणि एका वॉर्डात एकच चर्च असेल तर त्या वॉर्डाचा दर काढू नका. उद्या दुसरं झालं तर तुम्ही 'शंभर टक्के वाढ' लिहून बसाल.

आता विचारा: इथेच का?

मोजणी हे अर्धं काम. चौकटी भरल्यावर प्रत्येक झुबक्यापाशी थांबून तो तिथे का जमला हे विचारायचं, आणि उत्तर बहुतेक वेळा भक्तीत नसून जुन्या कागदांत सापडतं.

इंदूरचं उत्तर १८१८च्या मंदसोरच्या तहात आहे. होळकरांचा पराभव झाला, इंदूर राजधानी झाली आणि शहराबाहेर रेसिडेंट, म्हणजे दरबारातला इंग्रजांचा प्रतिनिधी, येऊन बसला. त्याच्या अधिकाऱ्यांना, शिपायांना चर्च लागलं, ते रेसिडेन्सीच्या जमिनीवर झालं. संस्थानाच्या हद्दीतल्या जुन्या पेठांत ते होण्याचं कारणच नव्हतं. मग १८७७मध्ये कॅनडाचे प्रेस्बिटेरियन मिशनरी आले; १८८७चं इंदूर ख्रिश्चन कॉलेज त्यांचं, जिथे पुढे किशोरकुमार शिकला. तेव्हा आमच्या नकाशावरचे ठिपके इंदूरची माणसं कुठे प्रार्थना करतात यापेक्षा इंग्रज कुठे उतरले होते हे जास्त सांगतात. बडोद्याचं फतेहगंज तेच सांगतं, तोही इंग्रजांचा कॅम्प. कुठल्याही संस्थानी शहरात आधी छावणी शोधा, चर्च तिच्या शेजारी असेल.

झाबुआ-अलिराजपूरकडे ही किल्ली चालत नाही. तिथे छावणी नव्हती. तिथे मिशनं थेट भिल्लांच्या पाड्यांत गेली, आणि १८९९-१९००च्या दुष्काळात, ज्याला तिकडे 'छप्पनिया' म्हणतात, त्यांनी अनाथ मुलांना आसरा दिला. म्हणून तिकडे चर्च शहरात कमी, खेड्यांत जास्त.

पंथ कुठला, हेही बहुधा कुणीतरी आधीच ठरवून टाकलेलं असतं. प्रॉटेस्टंट मिशनांनी आपापसांत मुलूख वाटून घेतले होते, म्हणजे एकाच्या शेतात दुसऱ्याने पेरायचं नाही. माळवा कॅनडावाल्यांचा, अहमदनगर अमेरिकन मराठी मिशनचं, गुजरातेत आयरिश प्रेस्बिटेरियन, मिझोरामच्या उत्तरेला वेल्श आणि दक्षिणेला बॅप्टिस्ट. जिथे वाटणी पाळली गेली तिथे गावात एक चर्च. केरळात अशा वाटणीच्या कितीतरी शतकं आधीपासून ख्रिस्ती होते आणि त्यांच्यात फाटे फुटत गेले: सिरो-मलबार, लॅटिन, ऑर्थोडॉक्स, जेकोबाइट, मार्थोमा. एका गावात चार पळ्ळ्या दिसल्या तर भक्ती चौपट नाही, पंथ चार आहेत.

पण सीमारेषा म्हणजे काय हे डोळ्यांनी बघायचं तर गोव्यात जा. मडगावहून बोरीच्या पुलावरून फोंड्याकडे निघा. पुलाअलीकडे सासष्टी, जुनी काबिजाद म्हणजे पोर्तुगिजांनी आधी जिंकलेला मुलूख, गावागणिक पांढरं इगर्ज. झुआरी ओलांडली की फोंडा, नवी काबिजाद म्हणजे नंतर मिळवलेला मुलूख, आणि देवळांची रांग लागते. मंगेशी तिथेच, कवळ्याची शांतादुर्गाही तिथेच. दोन्ही देव मूळचे नदीपलीकडले, कुशस्थळीचे आणि केळशीचे. सोळाव्या शतकात पोर्तुगिजांच्या धाकाने भक्तांनी त्यांना नदीच्या या अंगाला आणलं. फोंडा पोर्तुगिजांकडे गेला तो अठराव्या शतकात, तोवर देवळं पाडायचा जोर ओसरला होता. आमची कुलदेवता मंगेशी, म्हणून हा रस्ता मी लहानपणापासून पाहतोय. पण पुलावर चर्च संपतात हे या प्रकल्पानंतर पहिल्यांदा लक्षात आलं. राज्याची सरासरी काढली असती तर ही रेषा पुसून गेली असती.

नकाशावर काय टाकायचं नाही

शेवटची पायरी लहान आहे, पण ती चुकवू नका. काही मंडळ्या कुणाच्या तरी घरात, बैठकीच्या खोलीत भरतात. पाळक विश्वासाने पत्ता सांगतो. तो वहीत ठेवा, मोजणीत 'घरगुती मंडळ्या' म्हणून वॉर्डाचा एकत्र आकडा द्या, पण सार्वजनिक नकाशावर बिंदू टाकू नका. मध्य प्रदेशात २०२१चा धर्मस्वातंत्र्य कायदा आहे, वातावरण नाजूक आहे, आणि कुणाच्या घरावर खूण करणं हे भूगोलाच्या विद्यार्थ्याचं काम नव्हे. पुतणीने तो रकाना अंतिम फाइलमधून काढून टाकला.

याउलट ज्यांची पाटी रस्त्यावर आहे, अशा चर्चच्या चुकलेल्या नोंदी ओपनस्ट्रीटमॅपवर दुरुस्त करा. नाव पाटीवर आहे तसं देवनागरीत टाका, पंथ भरा, बंद पडलेल्याला तशी खूण द्या. आम्ही त्या कोनशिलेवरचं साल दुरुस्त केलं. आणि प्रत्येक तक्त्याखाली मोजणीचा महिना लिहा. आमच्या यादीतलं एक प्रार्थना भवन प्रकल्प जमा करायच्या आधीच दुसऱ्या गल्लीत हललं होतं.